व्याह्यांची कालवं

नाशिक जिल्ह्याला समुद्र नाही याचं मनापासून दुःख झालेला माणूस मी उभ्या आयुष्यात एकच पाहिला, तो म्हणजे आमचे व्याही. समुद्र म्हणजे आजचा नव्हे; डायनोसॉर जमिनीवर फिरत होते त्या काळातला. पाटबंधाऱ्याच्या कामावर ओव्हरसियर म्हणून त्यांनी उमेदीची वर्षं कच्छात काढली. तिथल्या एका ओढ्याच्या काठी त्यांना दगड झालेली कालवं सापडली, आणि निवृत्त होऊन सिन्नरला परतताना संसाराच्या सामानाबरोबर दोन पोती शिंपलेही आले. विहीणबाई सांगत, ट्रकात आधी पोती चढली, मग मी.

शिंपला मुठीत मावेल एवढा, जाड, आत वळलेला. व्याही तो धुऊन-पुसून पिशवीत घालून सगळीकडे नेत. बारशाला नेत, दहाव्यालाही नेत. चांदवडच्या एस.टी.त शेजारच्याच्या मांडीवर ठेवून विचारत, "वय सांगा बरं याचं." वाटेत कुठे विहीर खणताना दिसली की तिकीट पुढचं असलं तरी उतरत आणि काठावर उभे राहून वर येणारा दगड पाहत. दर वेळी काळा पाषाणच निघे. खणणारे पाणी लागलं म्हणून खुशीत, आणि हे हळहळत, "सगळा लाव्हाच हो. याच्याखाली कुठेतरी असणार."

आणीबाणी उठली त्या वर्षी ते मुलासाठी आमची शोभा पाहायला आले. शोभा तेव्हा बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होती. लग्न ठरलं की कॉलेज सुटणार, हे आम्ही सगळेच, तीसुद्धा, धरून चाललो होतो. चहा झाला आणि मुलाने काही विचारण्याआधीच व्याह्यांनी दिवाणावर टॉवेल पसरून पाच-सहा शिंपले मांडले. आमची ही आतून बघून घाबरली. तिला वाटलं, कौल लावताहेत. शोभाने एक उचलला आणि विचारलं, हा प्राणी चालायचा का. व्याही खुलले. म्हणाले, अगदी पिल्लू असताना थोडे दिवस पाण्यात भटकतो, मग कुठेतरी चिकटतो, आणि उरलेलं सगळं आयुष्य तिथेच.

"म्हणजे आमच्यासारखंच," शोभा म्हणाली. चेष्टेनेच म्हणाली.

व्याही हसले नाहीत. शिंपले पिशवीत भरले आणि निघताना दारात मला म्हणाले, "मुलगी पसंत आहे. पण तिचं कॉलेज बंद करायचं नाही. कबूल असेल तर पुढचं बोलू."

वरपक्षाने घातलेली अशी अट आमच्या नात्यात कुणी ऐकली नव्हती. माझ्या मेव्हण्याला तर मुलातच काही खोट असावी असं वाटून त्याने सिन्नरला जाऊन चौकशी केली. मुलगा सरळ होता. त्याला फक्त शिंपल्यांचा कंटाळा होता.

लग्नानंतर सून आणि सासरे रोज सकाळी एस.टी.ने नाशिकला येऊ लागले. तिचे तास संपेपर्यंत व्याही कॉलेजच्या पायऱ्यांवर बसत. सुरुवातीला शिपायाने हटकलं, पुढे तोच त्यांना चहा आणून देई आणि नव्या पोरांना बजावी, "दगड म्हणू नका, कालव आहे ते."

शोभाने पुढे भूगर्भशास्त्रच घेतलं. एम.एस्सी.ला असताना तिच्या वर्गाची सहल कच्छला निघाली. व्याह्यांचे गुडघे तोवर गेले होते. त्यांनी तिच्याकडून तो ओढा, त्याचं वळण, काठावरची बाभूळ, सगळं तोंडपाठ करून घेतलं. त्यांच्या देखरेखीखाली सुरू झालेलं धरण तिथून जवळच होतं, पण ती जागा उंचावर, पाणी तिथवर यायचं नाही, असं ते छातीठोकपणे सांगत.

ती परतली त्या दुपारी मी सिन्नरलाच होतो. व्याही ओट्यावर वाट पाहत होते. शोभा चपला काढून त्यांच्याजवळ बसली. सांगावं की नाही, याचा विचार तिने गाडीत केलाच असणार. पण सांगितलं ते सरळ.

"मामा, तिथे आता धरणाचं पाणी आहे. बाभळीचा नुसता शेंडा दिसतो."

विहीणबाईंनी आणून ठेवलेल्या चहावर साय धरली. मी काहीतरी बोलून विषय बदलणार होतो, पण शोभाने मला नजरेनेच गप्प केलं.

"पाणी स्वच्छ आहे का?" शेवटी व्याह्यांनी विचारलं.

"हो. बायका घागरी भरत होत्या."

"मग बरं झालं," ते म्हणाले. "फार वर्षं कोरडी पडली होती बिचारी कालवं."

आणि बोटाने साय बाजूला करून त्यांनी तो गार चहा सावकाश पिऊन टाकला.