थांबीसमोर बसलो तेव्हा

नागपूर स्टेशनात उतरलो तेव्हा मे महिन्याचं ऊन फलाटावर हमालासारखं उभं होतं. टांग्यात चढलो, तर घोड्यानं मागं वळून माझ्याकडे पाहिलं. 'या दिवसांत आलात?' अशीच त्याची मुद्रा होती.

निमित्त होतं रंगरावांच्या लेकीच्या, शकूच्या लग्नाचं. रंगराव पुण्याला माझ्या शेजारच्या टेबलावर होते. पुढे बदली घेऊन इतवारीतल्या स्वतःच्या घरी परतले. संध्याकाळचा गोरज मुहूर्त आणि मी पोचलो सकाळीच. पुणेरी स्वभाव! पाय धुता धुता विचारलं, "किती वाजले?" चहा पिताना विचारलं. चहा संपल्यावर विचारलं.

"काहून (का) एवढी घाई करून राहिले जी?" मालतीवहिनी हसल्या. "पाटोडी खाऊन पाहा न." पाटोडी म्हणजे बेसनाच्या वड्यांचा तिखट रस्सा. पहिल्या घासाला माझ्या कानांतून शिट्टी निघाली; लांब अजनीच्या यार्डातून एका इंजिनानं तिला उत्तर दिलं. खोटं वाटेल, पण घोट घ्यायला उचललेल्या पेल्यातलं पाणी हातातच उकळलं.

उन्हं कलली आणि एक सायकलवाला धापा टाकत मांडवात शिरला. काटोलहून येणारी वऱ्हाडाची बस कळमेश्वरजवळ बंद पडली होती. नवरदेवाचे आजोबा कडक. मुहूर्त चुकला तर वऱ्हाड आल्या पावली परत नेईन, असं त्यांनी साखरपुड्यातच बजावलं होतं. शकू बाशिंग बांधून दारात उभी होती. रंगरावांचा चेहरा पाहवेना.

"थांबी काढा," ते म्हणाले.

थांबी म्हणजे त्यांच्या घरचं तांब्याचं घटिकापात्र. बुडाला बारीक भोक. पाण्यावर ठेवलं की हळूहळू भरतं, आणि बुडालं की मुहूर्त. गोंड राजांच्याही आधीचं, एका बुजलेल्या विहिरीत सापडलेलं. काठावरची अक्षरं आजवर कुणाला लागलेली नाहीत. या घरचं लग्न याच पात्रावर लागतं, हे आजोबांनाही मान्य होतं. रिवाज असा, की पात्र पाण्यावर ठेवण्याआधी मांडवातली सगळी घड्याळं काढून तांदळाच्या डब्यात पुरायची. माझंही गेलं. डबा टिकटिकू लागला.

"समोर तुम्ही बसा, भाऊ," रंगराव म्हणाले.

"मी? मी तर पाहुणा!"

"म्हणूनच तर."

मोठा मान समजून बसलो. आणि वाचकहो, काय सांगू! पात्र तरंगतच राहिलं. आतलं पाणी चढेना. टाचणी टोचल्यासारखा मी मांडी बदलत होतो, भूक लागली होती, घामानं सदरा पाठीला चिकटला होता. सूर्यसुद्धा कडुनिंबाच्या फांदीवर टेकून दम खात होता.

माझी दया येऊन शकूच्या मामानं वाळ्याचा कूलर माझ्याकडे वळवला आणि हातात संत्र्याचं थंडगार सरबत दिलं. आहाहा! मी पाय पसरले. डोळे मिटू लागले. तेवढ्यात भटजी ओरडले, "बुडून राहिलं! बुडून राहिलं!"

पात्र झरझर भरत होतं.

"कूलर बंद करा!" मालतीवहिनी धावल्या. त्यांनी सरबताचा पेला माझ्या ओठांवरून ओढून घेतला आणि त्या भावावर डाफरल्या. "दादा, तुले अक्कल आहे का गा? पाहुण्याले आराम देते का कोणी अशा वेळी?"

"अहो, पण—"

"भाऊ, माफ करा," रंगराव हात जोडून म्हणाले. "थांबीसमोर घाईचा माणूस बसला तर वेळ हालत नाही. सुखी माणूस बसला की पळते. अन् तुमच्याएवढा घाईचा माणूस साऱ्या नागपुरात भेटला नसता!"

रागवावं की नाही, ते मला ठरवता येईना. मग दाराशी उभी असलेली शकू दिसली. तिचे डोळे माझ्यावरच खिळले होते. मी ताठ बसलो. कचेरी आठवली, रेशनची रांग आठवली, चुकलेल्या सगळ्या गाड्या आठवल्या. पाणी जिथल्या तिथे थबकलं.

अखेर बँड वाजला. ट्रकमधून, पिठासारख्या धुळीनं माखलेलं वऱ्हाड उतरलं. आजोबा काठी आपटत सरळ पात्रापाशी आले. वाकून पाहिलं.

"तरंगून राहिलं न जी," भटजी शांतपणे म्हणाले.

आजोबांनी माझ्याकडे बारीक नजरेनं पाहिलं, नातवाकडे पाहिलं, आणि काठी बाजूला ठेवली. अंतरपाट धरला गेला. मंगलाष्टकं संपत आली तसा कूलर सुरू झाला आणि वहिनींनी वडाभाताचं ताट माझ्या मांडीवर ठेवलं. वर चिंचवणी, कडेला संत्रा बर्फी. पहिला घास घेऊन मी जो सुस्कारा सोडला, त्यासरशी पात्र डुबुक करून बुडालं. अक्षता पडल्या. कडुनिंबावरचा सूर्यही सुटला आणि धाडकन मावळला.

नंतर तांदळातून माझं घड्याळ काढून पाहिलं आणि पुन्हा तिथेच खुपसलं. ते किती दाखवत होतं, हे रंगरावांनी विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

परतीच्या दिवशी ते स्टेशनवर सोडायला आले. गाडी फार म्हणजे फारच उशिरा होती. बाकावर बसून आम्ही संत्रा बर्फी खाल्ली, आजोबांच्या काठीवरून हसलो, शकू सासरी रुळली का यावर बोललो. जेमतेम बोलायला सुरुवात झाली, आणि गाडी आलीसुद्धा!

"लवकर आली," मी कुरकुरलो.

रंगराव नुसते माझ्या मनगटाकडे पाहून हसले. घड्याळ त्यांच्या घरच्या तांदळातच राहिलं होतं. रंगरावांना पत्र टाकून ते परत मागवावं, असं अजून तरी वाटलेलं नाही.