धम्मशीलाची उघडी खोली

जानेफळातल्या बंद पडलेल्या रेशन दुकानाची खोली धम्मशीलानं मागून घेतली, तेव्हा गावानं तिला वेड्यात काढलं. एम.एस्सी. झालेली पोर, कंपनीतली नोकरी सोडून थर्माकोलच्या पेटीत बल्ब लावून जिवाणू वाढवते म्हणे! बाटल्या उकळायला घरचाच कुकर आणि एक जुना सूक्ष्मदर्शक, एवढाच संसार. पण हरभऱ्याच्या बियाण्याला चोळायचं कल्चर गावच्या बायका स्वतः करू लागल्या आणि हसणारे गप्प बसले. खोलीत नियम एकच. कुणालाही ‘हात लावू नका’ म्हणायचं नाही. तिच्या आजीनं, बनाबाईनं, ते शब्द गावच्या विहिरीवर जन्मभर ऐकले होते.

तानुबाई सगळ्यांत पुढं. साठीची शेतकरीण, शिक्षण दोन यत्ता, पण काम इतकं नेटकं की कॉलेजातल्या पोरींनी पाणी भरावं. म्हणून दसऱ्यासाठी दीक्षाभूमीला जाताना धम्मशीलानं किल्ली बिनघोर तिच्या हाती दिली. पेरणी आठवड्यावर आली होती, चाळीस बाटल्या तयार होत्या.

चार दिवसांनी परतली तर पेटीला हळदकुंकू लावलेलं आणि बाटल्यांत काळी-हिरवी बुरशी माजलेली!

“खंडेनवमी होती ना वं,” तानुबाई म्हणाली. “घरी इळ्या-कुऱ्हाडीची पूजा केली, मंग इथंबी केली. तूच सांगतलं, ते जीव गोडावर जगतात. सणाच्या दिशी त्याइले उपाशी काऊन ठेवाव? बाटल्याइचे कापसाचे बोळे काढून चिमटी-चिमटी गूळ टाकला. हात धुऊनच टाकला.”

हिला हात धुवायला शिकवलं, पण गुळातून आणि हवेतून दुसरे जीवही पंगतीला येऊन बसतात, हे सांगायचं शिकवणारीच विसरली होती.

सरपंच किसनराव तडक आले. “देऊन टाक तसंच. कोनाले समजते? अन् आता कुलूप लाव. सगळ्याइले आत घेतलं की असंच होते.”

“खराब कल्चर मी देनार नाई,” धम्मशीला म्हणाली. म्हणाली खरी, पण यंदा गावाच्या हाती काही पडणार नव्हतं, आणि पुढच्या वर्षी कोण विश्वास ठेवणार?

ती बाटल्या रिकाम्या करायला बसली. तानुबाईही मदतीला आली. मागच्या कोपऱ्यातली एकच बाटली वाचली होती, मूळ जिवाणूंची. पुढचं सगळं त्यातूनच वाढवायचं होतं. तानुबाईनं नेमकी तीच उचलायला बुरशीनं माखलेला हात पुढं केला.

“हात लावू नका!” धम्मशीला ओरडली.

तानुबाई थिजली. मग मागं सरत सरत उंबऱ्याबाहेर जाऊन उभी राहिली.

धम्मशीलाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ती धावतच दाराशी गेली. “आत या ना, मावशी. चुकलं माह्यं.”

“नाई पोरी,” पदराचं टोक चोळत तानुबाई म्हणाली, “मी इथंच बरी. माह्या हातानं तुह्या बाटलीले इटाळ होईन.”

धम्मशीलाला रडू कोसळलं. तिनं किती विनवलं, तरी तानुबाई आत आली नाही.