पूर्वेचा धुरा

आमच्या सरांच्या ऑफिसात काचेच्या कपाटात अमेरिकेच्या एका जुन्या वकिलाचे खंड आहेत. खटल्यांचे कागद, पत्रं, डायऱ्या, सगळं छापलेलं. हा माणूस पुढे त्या देशाच्या संस्थापकांमध्ये गणला गेला आणि राष्ट्राध्यक्षही झाला. सर ते खंड वाचत नसत, पक्षकारावर छाप पडावी म्हणून मांडून ठेवत. त्या वकिलाने आपल्याच गावकऱ्यांवर गोळ्या झाडणाऱ्या सैनिकांचं वकीलपत्र घेतलं होतं, एवढीच गोष्ट सरांना ठाऊक, पण ती ते आल्यागेल्या प्रत्येकाला ऐकवत.

माझी वकिलीची सनद नवी होती आणि इंग्रजी बेताचं. म्हणून सरांनी फर्मावलं होतं, काम नसलं की यातली वीस पानं वाचायची. कोर्टाला सुट्टी असलेल्या एका शनिवारी दुपारी मी अशीच कुरकुरत वाचत बसले होते. त्या वकिलाचा पहिला दावा आला. शेजाऱ्याची घोडी कुणाच्या तरी शेतात शिरली, शेतवाला ती कोंडवाड्याकडे हाकत होता आणि घोडीच्या मालकाने मधेच सोडवून नेली. आपल्याकडच्यासारखंच भांडण. पण या पठ्ठ्याने लिहिलेल्या कागदात जिल्ह्याचा उल्लेख राहून गेला आणि दावा फेटाळला गेला. त्यानंतर डायरीत पानंच्या पानं भीती आहे. लोक हसतील, नाव पहिल्याच पायरीवर जाईल. आणि आपल्या गुरूनेच नीट शिकवलं नाही, अशी तक्रारही.

मला हसू आलं. एवढा मोठा माणूस आणि जिल्हा विसरला! माझ्या पहिल्या दाव्यात तालुका, जिल्हा, गट नंबर सगळं जागच्या जागी होतं, हे डोळ्यांनी बघून घ्यावं म्हणून मी फाईल काढली. हौसच म्हणायची.

दावा अमडापूरच्या एका मावशीचा होता. मावशी भाजीपाला पिकवायची. तिचा वांगी-मिरचीचा तुकडा आणि तिच्या हिश्श्याची विहीर यांच्या मधे शेजाऱ्याचं शेत. त्याच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, तिची जुनी वहिवाटीची वाट होती. ती बंद करायला शेजारी निघाला होता, जेसीबीने चर खोदतो म्हणाला होता. वाट गेली की मोटर चालू करायलाही जाता येणार नव्हतं, भाजी उभ्या उभ्या वाळली असती. मी तूर्त मनाईहुकूम मिळवला होता आणि दोन दिवस हवेत चालत होते.

फाईलमध्ये तिच्या सासऱ्याचं जुनं खरेदीखत होतं. त्यात वाट पूर्वेच्या धुऱ्यावर. माझ्या दाव्यात, नकाशात आणि म्हणून हुकुमातही, पश्चिमेच्या.

क्षणात आठवलं. मावशी माझ्या समोर, टेबलाच्या पलीकडे बसली होती. तिने बोटाने टेबलावर शेत काढून दाखवलं होतं, तिच्या बाजूने. मी ते माझ्या बाजूने जसं दिसलं तसं उतरवलं. तिचा उजवा धुरा तो माझा डावा झाला. नंतर मी सगळा मजकूर कोर्टाच्या मराठीत भराभरा वाचून दाखवला आणि तिने विश्वासाने मान हलवून सही केली.

म्हणजे मी मनाई आणली होती ती नसलेल्या वाटेवर. खरी वाट उघडीच होती. हुकुमाची प्रत शेजाऱ्याच्या हातात पडली होती, त्याच्या वकिलाने ती एकदा नीट वाचली की संपलं.

रविवार कसा काढला, ते माझं मला माहीत. फोन वाजला की पाचावर धारण बसायची. मावशीचा असेल, चर खोदला म्हणून रडत असेल. आई म्हणाली, "जेवत काऊन नाही तू?" मी पित्त झालं म्हणाले. मावशीला फोन करून विचारावं, एवढंही धाडस झालं नाही. खरं सांगायचं तर मला तिच्या वांग्यांची भीती नव्हती, माझ्या नावाची होती.

सोमवारी सकाळी सरांना सांगितलं. मला वाटलं, ओरडतील. ते चहा पीत म्हणाले, "काऊन घाबरून राह्यली? दुरुस्तीचा अर्ज दे. लिही, पक्षकारानं चुकीची माहिती देली. सारे तसंच लिहितात."

"पण सर, मावशीनं बरोबरच..."

"मंग लिही, वकिलाले कळलं नाही म्हणून. आन् बस घरी."

मी सरांनी आधी सांगितलं तेच लिहिलं. त्या थोर माणसानेही खापर गुरूवर फोडलं होतं, एवढंच मला त्याच्याकडून घेण्यासारखं वाटलं. सहीसाठी फोन करून बोलावलं, तशी मावशी दहाच्या बसने आली. चर अजून खोदला नव्हता. मी अर्ज वाचून दाखवला, या वेळी सावकाश. तिने टेबलावर एकदा बोट फिरवलं. मग म्हणाली, "हाव. माहीच चुकी झाली असन. मले कुठं नीट सांगता येते." आणि सही केली.

कोर्टात जजसाहेबांनी अर्ज वाचला आणि मावशीला पुढे बोलावलं. "सगळा जन्म शेतात गेला आणि पूर्व-पश्चिम कळत नाही तुम्हाला?"

मागच्या बाकांवर हशा झाला. वकीलही हसले. रोज सूर्य उगवायच्या आधी त्या धुऱ्यावरून जाणारी बाई पदर सावरत म्हणाली, "चुकलं साहेब. अडानी बाई हाये मी."

मी तिच्यापासून हातभर अंतरावर उभी होते. बोलणारच होते, असं आज म्हणता येईल, पण ते खोटं होईल. साहेबांनी माझ्याकडे बघू नये एवढीच माझी प्रार्थना चालली होती. अर्ज मंजूर झाला. हुकूम पूर्वेच्या धुऱ्यावर आला आणि मावशीची वाट वाचली.

बाहेर व्हरांड्यात तिने माझा हात धरला. तिने इकडेतिकडे बघितलं आणि हळूच विचारलं, "वकीलीनबाई, माह्यापायी तुमाले सरांचं बोलनं तं नाही ना बसलं?"

मी म्हटलं, "नाही."