दांडीवरची गाठ

मनीषनगरच्या रस्त्यावर उड्डाणपुलाचं काम तीन वर्षं चालू आहे, आणि तीन वर्षं प्रशिक रामटेके तिथे दोन झेंड्या घेऊन उभा आहे. रस्ता अर्धाच उरलाय, म्हणून एका बाजूला लाल दाखवायची आणि दुसऱ्या बाजूला हिरवी. माणसं थांबतात. नागपुरात ही गोष्ट साधी नाही.

त्याला स्वतःला दोन्ही झेंड्या सारख्याच मातकट दिसतात. ठेकेदाराला हे माहीत नाही. लाल झेंडीच्या दांडीला त्याने सुतळीची गाठ मारली आहे. अंगठ्याला गाठ लागली की लाल. पहिल्या दिवशी लाल कोणती ते सुशीलने सांगितलं होतं.

सुशील त्याच चौकातला वाहतूक पोलीस. दोघं मौद्याच्या एकाच मैदानावर पोलीस भरतीची तयारी करायचे. सोळाशे मीटरमध्ये प्रशिक पुढे, लेखी परीक्षेतही पुढे. मग वैद्यकीय तपासणीत डॉक्टरांनी रंगीत ठिपक्यांचं पुस्तक उघडून विचारलं, यात आकडा कोणता? प्रशिकला ठिपके दिसले. मोजायला सांगितले असते तर त्याने तेही मोजले असते. शेरा पडला: अपात्र.

तो उच्च न्यायालयात गेला. सरकारचं म्हणणं, ज्याला सिग्नल कळत नाही तो पोलीस कसा? त्याच्या वकील शोभाताईंचं म्हणणं, सिग्नलला लाल वर असतो, आणि ठाण्यात फिर्याद लिहायला तर तोही लागत नाही. तारखा पडत गेल्या. प्रशिक दर तारखेला केस बारीक कापून हजर.

"आता तरी वाढव ना केस," आई म्हणायची.

"अन् ऑर्डर येऊन दुसऱ्याच दिवशी बोलावलं तं?"

ऑर्डर आली ती इतकीच: नव्या वैद्यकीय मंडळाने पुन्हा तपासावं. नव्याने अर्ज करायला त्याचं वय उरलं नव्हतं, म्हणजे ही शेवटचीच संधी. शोभाताईंनी ठेकेदाराचं प्रमाणपत्र आणायला लावलं. ठेकेदाराने खुशीत लिहून दिलं: तीन वर्षं लाल-हिरवी झेंडी, एकही अपघात नाही.

मंडळापुढे पुन्हा तेच ठिपके. डॉक्टरांनी प्रमाणपत्र दोनदा वाचलं. मान्य करायच्याच बेतात होते बहुधा. सहज विचारलं, "मग झेंड्या कशा ओळखता?"

पोलिसात जाण्यासाठी खोटं बोलणं प्रशिकला जमेना. ही अडचण निकषांत कुठेच नोंदलेली नाही.

दुसऱ्या दिवशी सुशील गाडी लावून त्याच्याकडे आला. "काय झालं गा?"

"पुन्हा अपात्र. गाठ सांगून टाकली."

"पागल आहेस का बे! काहून सांगितली?"

"त्यानं विचारलं ना."

"ठेकेदाराले समजलं तं हेही जाईल तुयं."

"जाईल."

सुशीलने टोपी काढून घाम पुसला, मग टोपी पुढे केली. "घाल एक मिनिट. कोणी पाहून नाही राहिलं."

"नको. डोक्याले बसली तं काढवणार नाही मले."

तरी त्याने झेंड्या काखेत मारल्या आणि टोपी दोन्ही हातांत घेतली. आतली घामाची ओल त्याच्या बोटांना लागली. तो बिल्ल्यावरून अंगठा फिरवत राहिला. दोन्हीकडून हॉर्न सुरू झाले. तीन वर्षांत पहिल्यांदाच त्याला ते ऐकू आले नाहीत.

"प्रशिक," सुशील हळूच म्हणाला.

त्याने टोपी परत दिली, काखेतल्या झेंड्या काढल्या आणि अंगठ्याने गाठ शोधली.