स्मिताची ओटी

माझी बायको कलाकार आहे, हे मी लोकांना शक्यतो सांगत नाही. सांगितलं की लगेच ‘कुठल्या सीरियलमध्ये?’ असं विचारतात. स्मिता सीरियलमध्ये नाही. ती भर बाजारात, चौकात प्रयोग करते, आणि एरवी फणसवाडीतल्या आमच्या चाळीच्या तळमजल्यावर, एका रिकाम्या खोलीत मुलांना चित्रं आणि नाटक शिकवते. त्या खोलीत स्कूटर ठेवायचं कमिटीने मनावर घेतलं, तेव्हा तिने उपोषण केलं नाही. प्रयोग ठरवला. (उपोषण परवडलं असतं.)

खोलीच्या दारात पाटावर पदर पसरून ती दोन तास बसणार, तोंडातून अवाक्षर काढणार नाही. बायका घरात जी कामं फुकट करतात त्यातली एकेक वस्तू, लाटणं म्हणा, केरसुणी म्हणा, त्यांनी तिच्या पदरात टाकायची. मी बाजूला उभं राहून येणाऱ्यांना हे समजावून सांगायचं. मला नेमकं तेवढंच जमत नाही.

पहिल्या आल्या जोशीकाकू. नवी साडी, पाट, पसरलेला पदर असं सगळं त्यांनी नीट बघून घेतलं.

“काय रे, गोड बातमी? चौदा वर्षांनी?”

‘सामाजिक आशयाचा प्रयोग’ असं सांगायचं ठरलं होतं. मी नुसता हसलो.

काकू वर गेल्या त्या तांदूळ, नारळ आणि खण घेऊनच उतरल्या. पाठोपाठ रांग लागली. स्मिता माझ्याकडे डोळे वटारून बघत होती. तिला तहान लागली असेल म्हणून मी पाणी पुढे केलं! तेवढ्यात कोणीतरी दादरला माझ्या आईला फोन केला, आणि आई चक्क टॅक्सी करून आली.

“मला लोकांकडून कळतंय होय?” ती म्हणाली. “कितवा चाललाय?”

मी पुन्हा हसलो.

शेवटी खोलीचा निकाल द्यायला सेक्रेटरी पेठेकाका आले आणि तो थाट बघून विरघळले. “अशा बाईला रिकाम्या हाताने उठवायचं नसतं,” ते म्हणाले. पुरुषांनी ओटी भरायची नाही, म्हणून त्यांनी खोलीची किल्ली बायकोकडे दिली. पेठेकाकूंनी किल्लीला हळदकुंकू लावून ती नारळाशेजारी ठेवली.

दोन तास संपले. स्मिता नऊ नारळांसकट कशीबशी उठली.

“मला दिवस गेलेले नाहीत,” ती म्हणाली. “किल्ली परत घ्या, काका.”

वर्गातली मुलं खिडकीतून बघत होती. खोली माझ्यामुळे जाणार होती.

“ओटीतलं परत घेत नाहीत,” जोशीकाकू म्हणाल्या. “आणि यात हिची काय चूक?”

पेठेकाकांनी मान डोलावली. मग सगळी वाडी माझ्याकडे बघू लागली.

खोलीत वर्ग जोरात चालू आहेत. स्मिताला वाडीत मान आहे. माझ्याकडे मात्र सगळे हळहळून बघतात. परवा पेठेकाकांनी मला जिन्यात गाठून एका वैद्यांचा पत्ता हळूच खिशात घातला. आता खुलासा कोण करत बसणार? मी पथ्य विचारून घेतलं.