युनिफॉर्मचा वास
मिस्टरांचा कंपनीचा युनिफॉर्म भिजत घातला, की त्या उग्र वासानं मला सानपाड्याचा तो दवाखाना आठवतो. घोट्यांजवळच्या माझ्या जखमा भरत नव्हत्या, पाय टेकवला तरी कळ मस्तकात जायची. मिस्टर तळोज्याच्या केमिकल कंपनीतून थेट युनिफॉर्मवरच आले होते. डॉक्टरबाईंनी पट्टी सोडली, माझे पाय पाहिले, मग मिस्टरांचा डागाळलेला शर्ट. "तुम्ही जरा बाहेर थांबा," त्यांना म्हणाल्या आणि दार लावून घेतलं. "घाबरू नका, खरं सांगा. ॲसिड टाकलं ना यांनी?" "नाही हो, आपोआप होतं," मी म्हणाले. "सगळ्या असंच सांगतात." मी जितकं नाही म्हणत होते तितका त्यांचा संशय वाढत होता. पुढं कातडीचा तुकडा तपासल्यावर कळलं, पायातल्या बारीक रक्तवाहिन्या आतून बंद पडतात, असा दुर्मिळ आजार आहे. बाईंनी मिस्टरांची माफी मागितली, तेही "असू दे" म्हणाले. आता गोळ्यांनी बरं असतं. अजूनही तेच मला तपासणीला नेतात, पण आधी घरी येऊन आंघोळ करतात, धुतलेला शर्ट घालतात, आणि माझं नाव पुकारलं की कोणी न सांगता बाहेरच बसून राहतात.