वाफेवर चालणारी सवत

दुबईत, करामाच्या आमच्या फ्लॅटमध्ये जेवताना देवाधर्माच्या गोष्टी कमी आणि ब्रिटिश आरमाराच्या जास्त व्हायच्या. बाबांना फ्रिगेट नावाच्या युद्धनौकांचं वेड होतं. पाहुण्यानं वरणभात कालवायला घेतला की बाबा शिडांच्या काळापासून सुरुवात करायचे. मोठ्या जहाजांच्या पुढे पळत जाऊन शत्रू कुठे आहे ते बघून येणारी चपळ बोट म्हणजे फ्रिगेट. पुढे लोखंड आलं, वाफ आली आणि हे नावच अडगळीत पडलं. दुसऱ्या महायुद्धात जर्मन पाणबुड्या व्यापारी जहाजं बुडवायला लागल्या, तेव्हा इंग्रजांनी ते झटकून पुन्हा बाहेर काढलं आणि पाणबुड्यांच्या मागे लागणाऱ्या बोटींना दिलं. पाहुण्याचा ताकभात येईपर्यंत बाबा साठच्या दशकात पोचलेले असायचे, आणि तिथे लिअँडर यायची. मग त्या पाहुण्याची सुटका नसे.

लिअँडर ही इंग्रजांची त्या काळातली सगळ्यात यशस्वी फ्रिगेट. तिची ड्रॉइंग्ज घेऊन तशाच बोटी मुंबईच्या गोदीत बांधल्या गेल्या, आणि बाबा त्या गोदीत पाइप फिटर होते. लग्न झालं तेव्हा ते पहिल्या बोटीवर होते, मी झाले तेव्हा तिसऱ्या की चौथ्या. 'कागद साहेबाचा, हात आमचे,' हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलंय की आजही कुणी साहेब म्हटलं की मला कागद आठवतो. लिअँडरनंतर वाफ गेली आणि गॅस टर्बाइन आली. त्या बोटींचा इतिहास बाबा हात धुता धुता उरकायचे.

आई त्या बोटीला सवत म्हणायची. घरी उशीर झाला की, 'सोडलं का तिनं?' असं विचारायची. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला आम्ही दुबईला आलो, बाबा इथे जहाजदुरुस्तीच्या वर्कशॉपमध्ये फोरमन झाले, तरी सवत काही सुटली नाही. पुढे नव्वदच्या दशकात त्यांनी बांधलेल्या बोटींपैकी पहिली मोडीत निघाल्याची बातमी आली. बाबा त्या दिवशी जेवले नाहीत. आई हसत म्हणाली, 'नवरा मेला तरी चालेल पण सवत रंडकी झाली पाहिजे म्हणतात. माझं नशीब बघा, नवरा ठणठणीत आणि सवतच गेली.' बाबांना ते मुळीच आवडलं नाही.

आखातात ब्रिटिश फ्रिगेट कायम गस्तीवर असायच्या. एखादी पोर्ट रशीदला आली की शुक्रवारी सकाळी आमची वरात तिकडे निघायची. लांबून काहीतरी राखाडी दिसायचं आणि बाबा त्यातली रडारं ओळखायचे. मी ऊद मेथाच्या इंग्रजी शाळेत शिकलेली, त्यांना म्हणायची, 'बाबा, इट्स जस्ट अ ग्रे शिप.' त्यांना बोटीच्या अपमानापेक्षा माझ्या इंग्रजीचा राग जास्त यायचा. मला आता त्या शुक्रवारांचा राग येतो. गाडीत मागच्या सीटवर आई डब्यातला उपमा सांभाळत बसलेली असायची, आणि तेव्हाच ते तिच्या छातीत होतं.

नव्वदचं दशक संपत आलं तेव्हा ती जिन्यात थांबायला लागली. भाजीची पिशवी खाली ठेवून कठडा धरायची. छातीत पाणी झालं होतं, ते काढलं, पुन्हा झालं. तपासण्या झाल्या आणि एका मल्याळी डॉक्टरांनी आम्हाला बोलावलं. बाबा खाली पार्किंग शोधत होते, म्हणून आत आम्ही दोघीच गेलो.

डॉक्टरांनी तिला हिंदीत विचारलं, कधी जहाजाच्या कारखान्यात काम केलं होतं का. आईला हसू आलं. बोटीत तिनं आयुष्यात कधी पाऊल ठेवलं नव्हतं. मग त्यांनी विचारलं, 'मिस्टर का कपड़ा कौन धोता था?'

आईनं सगळं सांगितलं. त्यात लपवण्यासारखं काय होतं? बाबा गोदीतून यायचे ते पिठाच्या गिरणीतून आल्यासारखे पांढरे होऊन. कपडे तसेच भिजवले तर मोरी तुंबायची. म्हणून ती ते गॅलरीत नेऊन जोरजोरात झटकायची, मग भिजवायची. रोज. गोदी सुटली तेव्हाच ते झटकणं सुटलं. डॉक्टर ऐकत होते आणि लिहीत नव्हते, त्यावरून मला कळलं, हे उत्तर त्यांना आधीच माहीत होतं.

वाफेच्या पाइपांची उष्णता बाहेर पडू नये म्हणून त्यांना अ‍ॅस्बेस्टॉस गुंडाळत. गोदीत त्याला सगळे कापूस म्हणायचे. बाबांचं ते कामही नव्हतं, ते पाइप जोडायचे. शेजारी दुसरे लोक कापूस कापायचे, लावायचे, आणि तो सगळ्यांवर बसायचा. त्याचा एक कण छातीत गेला की वीसवीस, तीसतीस वर्षं गप्प बसतो. डॉक्टर म्हणाले, नवऱ्याच्या फुप्फुसांना काही झालेलं नसेलही, असं होतं. यावर औषध नाही, हे त्यांनी मला इंग्रजीत सांगितलं. आईला ते कळलंच.

बाहेर कॉरिडॉरमध्ये आईनं माझा दंड धरला. 'ह्यांना आजार सांग,' ती म्हणाली. 'कारण सांगायचं नाही. माझी शपथ आहे.'

बाबा आले, आईला फुप्फुसाचा कॅन्सर आहे एवढंच त्यांना सांगितलं. त्यांनी खिशातलं सिगारेटचं पाकीट काढलं, चुरगाळलं आणि कचऱ्याच्या डब्यात टाकलं. माझ्या धुरानंच झालं, असं ते रस्ताभर म्हणत राहिले. घरी गेल्यावर मी आईशी भांडले. खोटं पाप का घेऊ देतेस त्यांना, असं विचारलं. ती शांतपणे तांदूळ निवडत होती. म्हणाली, 'सिगारेटचं पाप पेलतील ते. बोटीचं नाही पेलणार. त्या माणसाकडे दुसरं आहे काय अभिमानाचं?'

ओट्यावर एक चुंबळ होती. गरम पातेलं टेकवायला बाबांनी गोदीतून आणलेल्या कापसाच्या दोरीची आईनं ती वळली होती, नव्या संसारात. कौतुकानं आणलेली वस्तू, कितीही गरम भांडं ठेवा, जळायची नाही. मुंबईहून सामान आलं त्यात तीही आली. मी ती दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत गुंडाळून टाकून दिली. संध्याकाळी बाबांनी चुंबळ कुठे गेली म्हणून विचारलं, आई म्हणाली, जुनी झाली होती. बाबांना फार वाईट वाटलं. ती दोन जन्म पुरली असती, असं ते म्हणाले. मी बाथरूममध्ये जाऊन नळ सोडला आणि रडून घेतलं.

त्या दिवसांत मी ऑफिस सुटल्यावर सायबर कॅफेत बसून वाचायची. सत्तरच्या दशकातच इंग्लंडच्या गोद्यांमधले लोक मरायला लागले होते, तिथे हे कळत चाललं होतं, आणि त्याच सुमारास आमच्या घरी रोज कापूस येत होता. ड्रॉइंग्ज समुद्र ओलांडून आली, एवढी एक गोष्ट आमच्या गॅलरीपर्यंत आली नाही. कुणावर ओरडायचं तेही कळत नव्हतं. मग मी बाबांवर ओरडायची, गाडी नीट लावली नाही म्हणून.

थंडीच्या दिवसांत एक ब्रिटिश फ्रिगेट आली. तिच्या एका पंपाचं काम बाबांच्या वर्कशॉपनं केलं, आणि बोटीवरच्या अधिकाऱ्यानं बाबांना फॅमिलीला घेऊन बोट बघायला या म्हणून सांगितलं. बाबा एकटेच जाणार होते. आई म्हणाली, मी येते. बाबा लहान मुलासारखे खूश झाले. इतक्या वर्षांत ती पहिल्यांदा आपणहून बोट बघायला तयार झाली होती. मी तिला स्वयंपाकघरात गाठलं तर ती म्हणाली, 'जिनं मला खाल्लं, तिचं तोंड तरी बघू दे.' ही ती बोट नव्हे, असं मी सांगून पाहिलं. 'तिची धाकटी बहीण तर आहे ना?' असं म्हणून ती इस्त्रीची साडी काढायला गेली.

बोट टाइप ट्वेंटी-थ्री जातीची होती, तेव्हाची सगळ्यात नवी. गाडीत बाबा आईला समजावत होते की पाणबुडीच्या मागे जाताना ही विजेच्या मोटरवर चालते, इतकी हळू की पाणबुडीला पत्ता लागत नाही. पळायचं असेल तेव्हा गॅस टर्बाइन. आई सगळं ऐकून मान हलवत होती. बोटीत चढायच्या गँगवेवर ती तीनदा थांबली. वर हेलिकॉप्टरच्या डेकवर एका खलाशानं तिला खुर्ची आणून दिली.

बोट दाखवायला आलेला माणूस पिकल्या केसांचा होता, इंजिनांकडचा. बाबांनी लिअँडरचं नाव काढलं आणि त्याचा चेहरा उजळला. तोही उमेदवारीत लिअँडरच्याच बॉयलर-रूममध्ये होता. मग दोघांचं जे सुरू झालं ते मला निम्मं कळत नव्हतं. बॉयलर, झडपा, उन्हाळ्यात आखातात आतली उष्णता. बाबा त्यांच्या तोडक्या इंग्रजीत भराभरा बोलत होते, तो हसून त्यांच्या पाठीवर थाप मारत होता. इतके खूश बाबा मी कधी पाहिले नव्हते. मला वाटलं, झालं, आता निघू या.

तेवढ्यात त्या माणसानं हेलिकॉप्टर ठेवायच्या हँगरच्या भिंतीवर हात ठेवला. ही बोट स्वच्छ आहे, तो म्हणाला, जुन्यांमधलं ते पांढरं विष हिच्यात नाही. त्याचे वडील गोदीत कामाला होते. वडील अजून आहेत. आई गेली, वडिलांचे कामाचे कपडे धुऊन धुऊन.

त्यानं हे अगदी साधेपणानं सांगितलं, एका गोदीवाल्यानं दुसऱ्याला सांगावं तसं. बाबा त्याच्याकडे बघत राहिले. मग त्यांनी खुर्चीवर बसलेल्या आईकडे पाहिलं.

'काय म्हणतोय तो?' आईनं विचारलं.

'त्याची आई गेली म्हणतोय.'

'कशानं?'

आईनं त्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं, पदर सावरला आणि म्हणाली, 'चला, मला दम लागलाय.' उतरताना त्यांनी तिला असं धरलं होतं की गँगवेवर मागून येणारे लोक थांबून राहिले.

आईला वर सोडून मी गाडीतली पिशवी आणायला खाली गेले तर बाबा गाडीतच बसलेले. डॉक्टरांनी सांगितलं होतं का, त्यांनी विचारलं. मी हो म्हटलं. तिला माहीत आहे का? तिच्यासमोरच सांगितलं, म्हटलं. त्यांनी मान हलवली आणि ते एसी चालू ठेवून तिथेच बसून राहिले.

त्यानंतर घरात बोलणं संपलं. बाबा औषधं वेळेवर द्यायचे, पाणी काढायला घेऊन जायचे, पण बोलायचे नाहीत. तिच्या खोलीत आले तर दारातच उभे राहायचे. रात्री हॉलमध्ये झोपायला लागले. मला त्यांची कीव यायला हवी होती, आणि मला संताप यायचा. ती जिवंत होती, आत पलंगावर होती, आणि हा माणूस बाहेर बंद टीव्हीसमोर बसून तिचं सुतक पाळत होता.

आई मला म्हणाली, 'हेच नको होतं मला. मी गेल्यावर रडायला पुष्कळ वेळ आहे त्यांना. आत्ता मला माणूस हवंय.' एवढं बोलूनही तिला धाप लागली.

पुढे तिला हॉस्पिटलमध्येच ठेवावं लागलं. एका दुपारी नाकात ऑक्सिजनची नळी, बाबा भिंतीशी उभे, मी मोसंबी सोलत बसलेली. आईनं त्यांना पलंगाजवळ बोलावलं. 'अहो, काहीतरी बोला,' ती म्हणाली. 'बोटींचं सांगा.'

बाबा स्टुलावर बसले. घसा खाकरून त्यांनी शिडांच्या बोटींपासून सुरुवात केली. महायुद्धापर्यंत आले, पाणबुड्या झाल्या. आणि मग एकदम गॅस टर्बाइन. वजन कमी करायला वरचा भाग अ‍ॅल्युमिनियमचा केला, लढाईत आग लागल्यावर चुका कळल्या, मग पुन्हा पोलाद, मग आपण पाहिली ती. हात धुता धुता उरकायचा तो भाग ते आता लांबवून लांबवून सांगत होते. आई डोळे मिटून ऐकायची. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच, तिसऱ्या दिवशी पुन्हा. दर वेळी महायुद्धावरून उडी मारून ते पलीकडे जायचे. मला ते लगेच कळलं होतं, पण तोंड उघडायचं धैर्य झालं नाही.

मग एका दुपारी आईनं डोळे उघडले. एकेका शब्दावर थांबत ती म्हणाली, 'मधली राहिली की हो. आपली.'

बाबांनी माझ्याकडे पाहिलं, मी खाली बघितलं. मग त्यांनी लिअँडर सांगितली. दोन बॉयलर. लोखंडी शिडीला हात लावला तर पोळायचा. डोक्यावर, पायाखाली, सगळीकडे पाइप, आणि पाइपांना कापूस. तो करवतीनं कापायचे तेव्हा दिव्यांच्या उजेडात धुकं पडल्यासारखं दिसायचं. आम्हाला ते छान वाटायचं, बाबा म्हणाले. तो सगळा अंगावर बसायचा. तसाच मी घरी यायचो.

आई वाट बघत होती.

'आणि कपडे तू धुवायचीस,' बाबा म्हणाले.

'मी धुवायचे,' आई म्हणाली. तिनं श्वास घेतला. 'इस्त्रीसुद्धा करायचे. सगळ्या गोदीत तुमच्याइतके स्वच्छ कपडे कुणाचे नसायचे.'